प्रीतीचा भाव

मराठी भाषेने एक शब्द मोठा अडचणीचा करून ठेवला आहे. मनात जो असतो तोही भाव आणि मोंढ्यात जो फुटतो तोही भाव. "हळदीला काय भाव निघाला?" असे विचारणारा शेतकरी आणि "देवापाशी भाव हवा" असे सांगणारा कीर्तनकार एकाच ओट्यावर बसून हा एकच शब्द वापरतात, आणि आपण दुसऱ्याचा शब्द उसना घेतला आहे असे दोघांपैकी कोणालाही वाटत नाही. हे दोन भाव समोरासमोर येतात तेव्हा काय होते? प्रेमाला, सोबतीला, संसाराला मोल लावले जाते तेव्हा आपले नाटककार आणि कथाकार त्या व्यवहाराकडे कोणत्या नजरेने पाहतात? या प्रश्नाचा थोडा विचार मला येथे करावयाचा आहे. फराळाच्या ताटाशेजारी हा विषय कशाला, असे एखाद्या वाचकाला वाटेल. पण दिवाळी सरली की तुळशीचे लग्न लागते, आणि तुळशीचे लग्न लागले की घरोघर सोयरिकीची बोलणी सुरू होतात. तेव्हा हा विषय ताटापासून फार लांबचा नाही.

विषयाचे नाव काढताच डोळ्यांपुढे माडी, कोठी किंवा तमाशाचा फड येतो. तेथे निकाल देणे सोपे असते. देणारा लंपट, घेणारी पतित किंवा बिचारी, आणि पाहणारे आपण सज्जन. पुस्तक मिटले की आपले घर जसेच्या तसे शाबूत राहते. म्हणून ते साहित्य मी आज बाजूला ठेवणार आहे. मला ज्या कलाकृतींविषयी बोलायचे आहे त्यांतला सौदा बोहल्यावर, माजघरात किंवा दिवाणखान्यात होतो. अशा कृतींना सामान्य वाचक एक सोपी फूटपट्टी लावतो : पैसा आला की प्रेम गेले. ही फूटपट्टी फार आखूड आहे, असे माझे मत आहे. आपले चांगले लेखक पैसा दिला गेला की नाही, एवढ्यावर थांबत नाहीत. तो कोणाच्या हातात पडला, आणि जिच्या सोबतीचे मोल ठरले तिला 'नाही' म्हणता येत होते का, हे ते पाहतात.

माडी-कोठीचे साहित्य बाजूला ठेवताना एक अपवाद मात्र करावा लागतो. शूद्रकाच्या 'मृच्छकटिका'ची नायिका वसंतसेना ही उज्जयिनीची गणिका आहे. पण हे नाटक गोविंद बल्लाळ देवलांनी मराठी रंगभूमीवर आणले, मराठी कुटुंबांनी ते आपलेसे केले, आणि आपल्या प्रश्नाची सगळी मांडणी त्यात आधीच होऊन गेलेली आहे. राजाचा मेहुणा शकार वसंतसेनेसाठी गाडी पाठवतो आणि गाडीबरोबर दहा हजार मोहरांचे दागिने. वसंतसेनेची आई म्हणते, जा. वसंतसेना जात नाही. पुढे हीच वसंतसेना चारुदत्ताच्या घरी येते. त्याचा लहान मुलगा शेजारच्या मुलाच्या सोन्याच्या गाडीसाठी रडत असतो, कारण त्याच्या वाट्याला मातीची गाडी आलेली असते. ती अंगावरचे दागिने काढून त्या मातीच्या गाडीत भरते. नाटकाचे नाव या प्रसंगावरून पडले आहे. सोने दोन्हीकडे सारखेच, गाडीही दोन्हीकडे आहे. एका गाडीतले सोने माणूस उचलून आणण्यासाठी निघाले होते, दुसऱ्या गाडीतले एका पोराचे रडे थांबवण्यासाठी. पैसा आला म्हणून प्रेम गेले, हा नियम या दुसऱ्या गाडीला लावून पाहावा म्हणजे तो किती तोकडा आहे हे कळते.

याच नाटकात आणखी एक व्यवहार आहे. वसंतसेनेची दासी मदनिका आणि शर्विलक यांचे प्रेम आहे, पण मदनिका विकत घेतलेली आहे. तिला सोडवायचे तर पैसे भरले पाहिजेत. म्हणून शर्विलक चारुदत्ताच्या घराला भोक पाडून दागिने चोरतो, आणि ते नेमके वसंतसेनेनेच तेथे ठेवायला दिलेले निघतात. वसंतसेनेला सारे कळते. ती चोराला पकडून देत नाही, मोलही मागत नाही. मदनिकेला सोडून देते. प्रेमासाठी पैसा देणारा हा पुरुष आपल्याला शकारासारखा किळसवाणा वाटत नाही. कारण तो मदनिकेला घेण्यासाठी पैसा देत नाही, ती तिची तिला परत मिळावी म्हणून देतो. पैसा देण्यादेण्यातला हा फरक शूद्रकाला स्पष्ट दिसत होता.

देवलांना तो दिसत होता की नाही, हे 'शारदे'वरून पाहता येते. १८९९ साली किर्लोस्कर नाटक मंडळीने रंगभूमीवर आणलेले हे नाटक म्हणजे कन्याविक्रयावरचे आपले सर्वांत गाजलेले भाष्य. म्हातारा श्रीमंत भुजंगनाथ, त्याला तरुण मुलगी मिळवून देणारा भद्रेश्वर दीक्षित, पैशासाठी मुलगी द्यायला निघालेला बाप कांचनभट, काही करू न शकणारी आई इंदिराकाकू आणि जिच्यासाठी हा सारा खटाटोप चालला आहे ती शारदा. येथे पैसा कोणाच्या हातात पडतो? बापाच्या. सोबत मात्र द्यायची शारदेने. धर्मशास्त्राने अशा लग्नाला आसुर विवाह म्हटले आणि आपल्या खेड्यांतून त्या पैशाला देज म्हणतात. ज्या मनुस्मृतीची १९२७ साली महाडला होळी झाली, तिच्याही तिसऱ्या अध्यायात मुलीच्या बापाने शुल्क घेऊ नये असे सांगून पुढे म्हटले आहे की नातलग जेथे ते स्वतःसाठी ठेवत नाहीत तेथे तो विक्रय नव्हे, तो मुलीचा मान आहे. म्हणजे पैसा कोणाच्या पदरात, हा प्रश्न त्या ग्रंथालाही टाळता आला नव्हता. कांचनभटाचे पाप पैसा आला यात नाही. तो आपल्याच कनवटीला लावला यात आहे.

येथपर्यंत देवल निःशंक आहेत. पण माझ्या दुसऱ्या प्रश्नाशी ते अडखळतात. हे लग्न मोडते कशाने? शारदेच्या नकाराने मोडत नाही. वधूवर सगोत्र असल्याचे ऐन वेळी उघड होते, आणि शास्त्राच्या आधारे लग्न थांबते. भुजंगनाथाचे गोत्र वेगळे असते तर काय झाले असते, या प्रश्नाचे उत्तर नाटकात नाही. शारदा रडते, मैत्रिणीपाशी मन मोकळे करते, लग्न मोडल्यावर जीव द्यायला नदीकडे जाते, कोदंड तिला वाचवतो आणि शंकराचार्यांच्या संमतीने दोघांचे लग्न होते. या साऱ्यात तिच्या तोंडचा 'नाही' कोणी ऐकत नाही. प्रेक्षकांच्या डोळ्यांत पाणी आले, पण ते पाणी तिच्या दुःखासाठी होते. तिच्या हक्काची आठवण त्यात कोणाला झाली असेल असे मला वाटत नाही. दुःखासाठी रडणे स्वस्त पडते. 'शारदा' पाहून डोळे पुसत घरी आलेल्या कित्येक सद्‌गृहस्थांनी दुसऱ्या दिवशी मुलाचा हुंडा ठरवला असेल. देज काय आणि हुंडा काय, पैशाची दिशा तेवढी बदलते.

'शारदे'ला तीस वर्षे होत असताना, १९२९ साली, बालविवाह प्रतिबंधक कायदा झाला. हरबिलास सारडा यांनी तो मांडला, पण मराठी तोंडात त्याचा 'शारदा कायदा' झाला, आणि पुष्कळांना तो देवलांच्या नायिकेच्या नावाचाच वाटत राहिला. हा गैरसमज मला फार बोलका वाटतो. लोकांना कायद्यामागे एक मुलगी दिसत होती. पण तो कायदा ब्रिटिश हिंदुस्थानापुरता होता. आमचे पुसेगाव तेव्हा निजामाच्या मुलखात, परभणी जिल्ह्यात होते. १७ सप्टेंबर १९४८ नंतर तो मुलूख भारतात आला आणि १ मे १९९९ पासून हिंगोली हा आमचा वेगळा जिल्हा झाला. पुणे-मुंबईची शारदा कायद्याच्या छपराखाली आली तेव्हा इकडची शारदा त्या छपराबाहेरच होती. आणि कायद्याने तरी काय पाहिले? त्याने वय मोजले, मुलीचे चौदा आणि मुलाचे अठरा. तिची मर्जी मोजण्याचे माप त्याच्यापाशी नव्हते. देवलांनी गोत्राचा आधार घेतला, सरकारने वयाचा. मुलीच्या 'नाही'वर भिस्त ठेवण्याचे धाडस दोघांनाही झाले नाही.

ते धाडस १९३७ साली प्रभातच्या 'कुंकू' या चित्रपटाने केले. ना. ह. आपट्यांच्या 'न पटणारी गोष्ट' या कादंबरीवरून व्ही. शांताराम यांनी तो काढला. येथेही म्हातारा नवरा आहे, पैसा घेऊन भाची देणारा मामा आहे, फसवून लावलेले लग्न आहे. पण शांता आपट्यांची नीरा नदीकडे धावत नाही. लग्न लागले हे तिला नाकारता येत नाही, म्हणून ती त्या लग्नाने मिळणारा हक्क नाकारते. नवऱ्याच्या घरात राहून ती त्याची बायको होत नाही. विकत घेणाऱ्याच्या हाती मुलगी लागते, सोबत लागत नाही. आणखी एक गोष्ट ध्यानात घेतली पाहिजे. भुजंगनाथाला देवलांनी विदूषक केला होता. त्याला हसता हसता आपण त्याच्या पंगतीतून अलगद उठून जातो. केशवराव दात्यांच्या काकासाहेबांना हसता येत नाही. तो सभ्य वकील आहे, मनाने दुष्ट नाही, आणि आपण काय केले हे त्याला हळूहळू कळत जाते. ते कळल्यावर तो स्वतःला संपवून नीरेला मोकळी करतो. पैसा देणाऱ्यालाही मन असते, हे मान्य केल्याखेरीज या विषयावर खरे साहित्य होत नाही. मात्र येथेही सुटका म्हाताऱ्याच्या मरणाने होते. नीरेच्या नकाराने ते मरण ओढवले, एवढे पाऊल मात्र पुढे पडले.

पुरुषांनी लिहिलेल्या या कथांत विकणारा दुष्ट आणि घेणारा म्हातारा असतो, त्यामुळे चांगल्या घरातला वाचक निर्धास्त राहतो. त्या वाचकाची झोप १९३३ साली विभावरी शिरूरकरांच्या 'कळ्यांचे निःश्वास'ने मोडली. हे टोपणनाव कोणाचे, यावरूनच किती गदारोळ झाला! त्या कथांतल्या मुली शिकलेल्या आहेत, काही नोकरी करतात. अशा मुलीच्या पगारावर घर चालू लागले की तिच्या लग्नाची घाई कोणालाच राहत नाही. येथे कोणी कांचनभट नाही, भद्रेश्वर दीक्षित नाही. आईबाप प्रेमळ आहेत. मुलगी विकली जात नाही. तिचे मोल घरातच राहावे म्हणून ती घरात राहते. प्रेमाच्या माणसांत पैशाचा व्यवहार किती मुकाट्याने शिरतो, आणि 'नाही' म्हणणे परक्यापेक्षा आपल्यांसमोर किती अवघड असते, हे मालतीबाई बेडेकरांनी त्या टोपणनावाआडून सांगितले. माझ्या मते या विषयावरचा हा सर्वांत कठीण धडा आहे, कारण येथे राग धरावा असा माणूसच सापडत नाही.

विजय तेंडुलकरांच्या 'सखाराम बाइंडर'ने १९७२ साली हा सगळा व्यवहार उघड्यावर मांडला. कमलाकर सारंगांना हे नाटक रंगमंचावर टिकवण्यासाठी उच्च न्यायालयापर्यंत जावे लागले. लोक चिडले ते अश्लीलतेमुळे, असे म्हणतात. मला वाटते, हिशेबामुळे चिडले. सखाराम नवऱ्यांनी टाकलेल्या बायकांना घरी आणतो. अन्न, वस्त्र, छप्पर मी देईन; घर आणि अंथरूण तू सांभाळायचे; पटेनासे झाले की नेसूची साडी, थोडे पैसे आणि जायच्या गावचे तिकीट घेऊन जायचे. लग्नाच्या याद्यांत जे शालजोडीखाली झाकलेले असते ते हा माणूस शिव्या देत देत बोलून दाखवतो. माझी पहिली कसोटी लावली तर सखाराम उत्तीर्ण होतो. मोल मध्यस्थाकडे जात नाही, थेट बाईकडे जाते. भद्रेश्वर दीक्षितापेक्षा तो सरळ माणूस आहे, असे म्हणायचा मोह कोणालाही व्हावा.

पण दुसरी कसोटी लावताच सारे ढासळते. अटी कोणी घातल्या? एकट्या सखारामने. घर सोडून जाता येते, पण घरात असेतोवर 'नाही' म्हणता येत नाही. आणि घर सोडायचे तर जायचे कोठे? लक्ष्मी पुतण्याकडे अमळनेरला जाते आणि तेथे थारा न मिळाल्याने परत येते. चंपाला आईनेच फौजदाराला विकलेले. त्या नवऱ्याला सोडून ती इथवर आलेली. ती पहिल्यांदा सखारामला नकार देते. मग छपरासाठी कबूल होते, आणि ते कबूल करणे निभावण्यासाठी तिला रोज दारू लागते. दारूचा हा तपशील फार महत्त्वाचा आहे. शुद्धीवरच्या माणसाने ज्याला 'नाही' म्हटले असते त्याला 'हो' म्हणण्यासाठी शुद्ध घालवावी लागते. तेंडुलकरांनी नीतीचे प्रवचन न करता हा करार किती खोटा आहे ते या एका गोष्टीत दाखवून दिले. 'नाही' म्हणण्याचा दंड म्हणून डोक्यावरचे छप्परच जाणार असेल, तर तोंडाने दिलेल्या होकाराला काय अर्थ?

नाटकाच्या शेवटी सखाराम चंपाचा गळा दाबून तिला मारतो. येथे मला पुन्हा 'मृच्छकटिका'ची आठवण होते. तेथेही नकार मिळालेला शकार वसंतसेनेचा गळाच दाबतो आणि ती मेली असे समजून निघून जातो. ती दैवयोगाने वाचते. चंपा वाचत नाही. दोन नाटकांत शतकानुशतकांचे अंतर आहे, आणि एका लेखकाने दुसऱ्याकडे पाहिले असे सुचवण्याचा माझा हेतू नाही. एक दासदासींचा मालक, दुसरा छापखान्यातला कामगार. तरी दोघांचाही समज एकच, की आपण दिले आहे तेव्हा समोरची आपली झाली. जिच्यावर आपण खर्च केला तिचा नकार, किंवा तिने आपल्या मर्जीने दुसऱ्या कोणाला दिलेला होकार, या समजाला सोसत नाही. पैशाने माणसाच्या सोबतीतली कोणती गोष्ट बिघडते, याचे उत्तर मला या दोन गळ्यांपाशी मिळते.

यानंतर तेंडुलकरांनी १९८१ साली 'कमला' लिहिले. इंडियन एक्स्प्रेसचे बातमीदार अश्विनी सरीन यांनी त्याच साली एक बाई विकत घेऊन माणसांचा बाजार उघडकीस आणला होता. नाटकातला जयसिंग जाधव बाजारातून अडीचशे रुपयांना कमला विकत घेतो आणि दिल्लीच्या घरी आणतो. त्याला तिचे प्रेम नको, सोबत नको. त्याला बातमी हवी आहे. रात्री ही आदिवासी बाई घरच्या मालकिणीला, सरिताला, अगदी साधेपणाने विचारते की तुम्हाला केवढ्याला घेतले. सरिता क्षणभर गप्प होते आणि सातशे सांगते. मराठी नाटकात याहून मोठा प्रश्न याहून लहान तोंडाने क्वचितच विचारला गेला असेल. कमलाच्या प्रश्नात उपरोध नाही. तिच्या जगात बाई नवऱ्याच्या घरी येते ती अशीच. सरिता शिकलेली, चांगल्या घरची. पण त्या आकड्याने तिला आपला संसार पहिल्यांदा दिसतो. जयसिंगला काय हवे, केव्हा हवे, यावर त्या घराचे घड्याळ चालते. तिच्या 'नाही'ची त्या घरात कधी वेळच आलेली नाही.

पण त्या प्रवेशात पुढे जे घडते त्याकडे कमी लक्ष जाते. महाग बाई म्हणून सरिताचा मान ठेवून कमला तिला सुचवते की आपण दोघी बहिणींसारख्या मिळून राहू; तुम्ही लिहिण्यावाचण्याचे, हिशेबाचे पाहा, मी कष्टाचे पाहीन, महिन्याचे दिवसही वाटून घेऊ. विकत आणलेली बाई विकत न घेता सोबत देऊ करते. जयसिंगने अडीचशे रुपयांत जे घेतले त्यात ही सोबत नव्हती. ती वर उरली.

हे 'वर उरणे' मला महत्त्वाचे वाटते. कीर्तनांतून श्रीकृष्णतुलेची कथा आपण सर्वांनी ऐकली आहे. सत्यभामा नारदाला कृष्ण दान करते आणि परत घ्यायचा तर भारंभार सोने द्या, असे ठरते. तिचे सारे दागिने पारड्यात पडले तरी ते उचलत नाही. रुक्मिणी एक तुळशीचे पान ठेवते आणि तोल साधतो. याच जिल्ह्यातल्या नर्सीच्या नामदेवांविषयीही अशीच एक कथा सांगतात : अर्धे रामनाम लिहिलेले तुळशीपान आणि समोर सावकाराची दौलत, तरी पारडे हलत नाही. या कथांचा अर्थ आपण प्रेम अमोल आहे असा करतो आणि पुढे जातो. पण रुक्मिणीचा हातही रिकामा नव्हता, तिनेही पारड्यात काहीतरी ठेवलेच. देणे आणि मोल देणे यांत फरक आहे, एवढेच ती कथा सांगते.

हा फरक ध्यानात घेतला म्हणजे पैशाची उगाच विटाळासारखी भीती राहत नाही. मुले परगावी किंवा परदेशी गेलेल्या घरांतून आज म्हाताऱ्या आजीजवळ रात्रीच्या सोबतीला पगारी बाई असते. सोबतीसाठी पैसा देणे हेच की. त्यात वाईट काय आहे? तिचा पगार तिच्या हातात पडतो, तिला सुट्टी घेता येते, पटले नाही तर काम सोडता येते. आजीच्या पाठीवरून हात फिरवताना तिच्या मनात माया दाटली तर ती पगाराबाहेरची आहे. ती तिने दिली तर आजीचे भाग्य. ती मागण्याचा हक्क मुलांनी पगाराबरोबर विकत घेतलेला नाही. पैशाने वेळ घ्यावा, कष्ट घ्यावेत आणि त्याची रास्त भरपाई करावी. माया घेतली असे मात्र समजू नये.

आता थोडे आमच्या भागाविषयी. सेनगाव तालुक्यातल्या या गावात बसून हे लिहिताना मला एक उणीव फार जाणवते. आपले साहित्य भुजंगनाथावर हसले, काकासाहेबांवर हळहळले, सखारामला घाबरले. पण आज खेड्यापाड्यांत पैसा देऊन बायको आणणारा माणूस या तिघांपैकी कोणी नाही. तो तिशी ओलांडलेला, चार-पाच एकर सोयाबीन आणि हळदीचा धनी, कष्टाळू आणि बहुधा निर्व्यसनी असा तरुण आहे. नोकरीवाला जावई हवा म्हणून त्याला कोणी मुलगी देत नाही. डिसेंबर २०२२ मध्ये सोलापुरात अशा मुलांनी बाशिंगे बांधून, घोड्यावर बसून जिल्हाधिकारी कचेरीवर मोर्चा नेला. वर्तमानपत्रांनी गमतीची छायाचित्रे छापली. गंमत कसली? ज्या समाजाने मुली जन्मूच दिल्या नाहीत आणि वर्षानुवर्षे मुलांचे भाव ठरवले, त्या समाजाला आता मोंढ्यासारखी मंदी-तेजी भोगावी लागत आहे. मग एखादा मध्यस्थ गाठायचा, दूरच्या जिल्ह्यातून किंवा परराज्यातून मुलगी आणायची, तिच्या घरच्यांना आणि मध्यस्थाला पैसे मोजायचे, असे प्रकार सुरू होतात. काही वेळा दागिन्यांसह नवरी पसार झाल्याची बातमी येते आणि गाव हसते.

या मुलाची कथा मला वाचायची आहे. त्याचे एकटेपण खरे आहे, आणि त्याला विदूषक केल्याने ते कमी होत नाही. पण त्याहून अधिक मला त्या परक्या भाषेतून आलेल्या मुलीची कथा वाचायची आहे. तिच्यासाठी मोजलेल्या पैशातला किती तिच्या हातात पडला? नको म्हणायचे तर ते म्हणण्यासाठी तिच्यापाशी भाषा तरी आहे का? आणि समजा, त्या मुलाने तिचे ऐकले, दाराची कडी तिच्या हाती दिली, जायचे असेल तर गाडीभाडेही दिले, आणि तरी ती राहिली, तर त्या राहण्याला काय म्हणायचे? विकत आणलेल्या माणसाशी खरा संसार होऊ शकतो का, हा प्रश्न मराठी कथेने अजून धीटपणे विचारलेला नाही. देवलांनी तो गोत्रावर ढकलला, 'कुंकू'ने मरणावर, तेंडुलकरांनी खुनावर. लेखकाला हिशेब मिटवण्याची घाई झाली की कोणाचा तरी जीव जातो, नाही तर कोणाचे तरी लग्न लागते. 'मृच्छकटिका'तसुद्धा शेवटी राजा वसंतसेनेला 'वधू' म्हणवून घेण्याचा मान देतो, तेव्हाच शूद्रकाचे समाधान होते.

माझी अपेक्षा निराळी आहे. पैशाने सुरू झालेल्या नात्याला लेखकाने शाप देऊ नये आणि शुद्धीपत्रही देऊ नये. त्याने दार उघडे ठेवावे आणि ती जाते की राहते हे पाहावे. दार उघडे असतानाच तिचे राहणे तिचे असते. आणि हे कथेपुरतेच राहू नये. या वर्षी तुळशीच्या लग्नानंतर ज्या घरांत बैठक बसेल, देण्याघेण्याची यादी होईल, सुपारी फुटेल, तेथे आतल्या खोलीत बसलेल्या मुलीला यादीवर सही होण्याआधी एकदा मोकळेपणी विचारावे. तिने 'नाही' म्हटले तर चहा पिऊन उठता यावे, आणि तिच्याशी कोणी अबोला धरू नये. असे ज्या घरात घडेल त्या घरातला 'हो' मला कोणत्याही नाटकाच्या भरतवाक्याहून मोलाचा वाटेल.